काकांनी बांध मोडला. दाद तहसीलदारांकडे मागायची की कोर्टात?

पत्र : "आमचं शेत सातारा जिल्ह्यात आहे. आजोबांच्या वेळी वाटणी होऊन आमचा आणि चुलत काकांचा सातबारा वेगळा झाला. मधे एक रुंद बांध होता. काका दरवर्षी नांगरताना तो थोडा थोडा कोरत आले. बाबा असेपर्यंत बोलाचाली होऊन थांबायचं. बाबा दोन वर्षांपूर्वी गेले. यंदा मेअखेरीस काकांनी ट्रॅक्टर लावून राहिलेला बांध मोडला, सिमेंटचे खांब रोवून तारा ओढल्या. आमचा अंदाज आहे की चारेक गुंठे गेले. पावसाचं पाणी ज्या चरीने ओढ्याला जायचं ती चरही बुजवली, त्यामुळे आमच्या सोयाबीनमध्ये पाणी साचलं. आई गावी एकटी आहे, मी पुण्यात नोकरी करते. तलाठी म्हणतात तहसीलदारांकडे जा. ओळखीचे वकील म्हणतात दिवाणी दावा लावा. मामा म्हणतात पोलिसांत तक्रार द्या. आणि काका म्हणतात, 'बारा वर्षांपेक्षा जास्त माझी वहिवाट आहे, कुठेही जा.' आम्ही नक्की कोणाचं दार ठोठावायचं?"

ताई, नमस्कार.

तुमचं पत्र सप्टेंबरच्या मध्याला हातात आलं, म्हणून सर्वांत घाईची गोष्ट आधी सांगते. मेअखेरीस बांध मोडला असेल तर नोव्हेंबरअखेरीस सहा महिने भरतात. ताबा गेला तर तो झटपट परत मिळवण्याचे जे दोन मार्ग कायद्याने ठेवले आहेत, त्या दोन्हींची मुदत सहा महिन्यांचीच आहे. ती उलटली म्हणजे जमीन गेली असं नाही, पण मग लांबचा रस्ता धरावा लागतो. तेव्हा 'दिवाळी होऊ दे, मग बघू' हे मनातून काढून टाका.

आता मूळ प्रश्न. तलाठी, वकील आणि मामा, तिघांनीही तुम्हाला अर्धवट बरोबर सांगितलंय, कारण तुमच्या एका पत्रात तीन वेगळे वाद आहेत. हद्द नेमकी कुठून जाते, हा एक. मेमध्ये तुमचा ताबा काढून घेतला आणि पाणी अडवलं, हा दुसरा. आणि काका 'बारा वर्षं वहिवाट' म्हणताहेत तो मालकीचा, म्हणजे तिसरा. तिन्हींची दारं वेगळी आहेत. गावातले बहुतेक बांधाचे वाद पिढ्यान्‌पिढ्या चालतात ते मला वाटतं याच कारणाने, की रेषेचा वाद मालकीच्या कोर्टात जातो आणि मालकीचा वाद तहसीलदारांपुढे मांडला जातो.

रेषेपासून सुरुवात करू. तुम्ही दोन्ही सातबारे पाठवलेत, फोटो पाठवलेत, पण नकाशा एकही नाही. सातबारा क्षेत्र सांगतो. ते क्षेत्र जमिनीवर कुठून कुठपर्यंत आहे, हे तो सांगत नाही. ते सांगतात भूमी अभिलेख खात्याकडचे कागद : गटाचा नकाशा, टिपण (मूळ मोजणीचं रेखाटन), फाळणी (पोटहिस्से पाडल्याचं रेखाटन). तालुक्याच्या उपअधीक्षक, भूमी अभिलेख यांच्या कार्यालयातून या नकला आधी काढा. आणि त्या हातात आल्यावर एक गोष्ट डोळ्यांत तेल घालून बघा, ती म्हणजे तुमच्या आजोबांच्या वाटणीची पोटहिस्सा मोजणी, म्हणजे गटातला प्रत्येकाचा हिस्सा जमिनीवर मोजून नकाशावर आणणं, झाली होती का.

यावर मी मुद्दाम थांबते, कारण भावकीतल्या वादात नव्वद टक्के गुंता इथे असतो असं म्हणण्याचा मोह होतो, आणि आकडा कुणी मोजला नसला तरी अनुभव तसाच आहे. वाटणी झाली, फेरफार (महसुली नोंदीतला बदल) झाला, सातबारे वेगळे झाले, क्षेत्रं लिहिली गेली. पण जमिनीवर जाऊन पोटहिस्सा कुणी मोजलाच नाही. भावाभावांनी पावलं टाकून बांध घातला आणि तोच पुढे हद्द मानला गेला. अशा वेळी सरकारी नकाशावर तुमच्या दोघांमधली रेषच नसते. मग तुम्ही 'हद्द कायम' मोजणीचा अर्ज केलात तर मोजणीदार गटाची बाहेरची हद्द दाखवू शकेल, तुमच्या आणि काकांच्या मधली कशावरून दाखवणार? त्यासाठी पोटहिस्सा मोजणी लागते आणि तिला सगळ्या हिस्सेदारांची संमती लागते. काका संमती देणार नाहीत, हे उघड आहे. तसं निघालं तर तुमचं प्रकरण सरळ दिवाणी न्यायालयाचं होतं, आणि त्यात जुना वाटणीपत्राचा कागद, फेरफार, जुना बांध पाहिलेले शेजारी हे सगळं पुरावा म्हणून उपयोगी पडतं. तेव्हा ट्रंकेतला वाटणीचा कागद शोधा, तो मोडी लिपीत असला तरी.

पोटहिस्सा मोजलेला असेल तर काम पुष्कळ सोपं आहे. आईच्या नावाने हद्द कायम मोजणीचा अर्ज करा. आता तो ऑनलाइनही भरता येतो. लगतच्या सगळ्या धारकांना नोटीस जाते. मोजणीच्या दिवशी तुम्ही रजा काढून स्वतः हजर राहा, हे मी आग्रहाने सांगते. पूर्वी साखळी आणि प्लेन टेबल घेऊन मोजत, आता बहुतेक ठिकाणी रोव्हर, म्हणजे उपग्रहाच्या मदतीने मोजणारं यंत्र, असतो. पण यंत्र कुठलंही असो, जुन्या खुणा कुठल्या धरल्या यावर सगळं ठरतं. गावाच्या शिवेचा दगड, जुनी विहीर, तिठा, न हललेला एखादा लांबचा बांध, अशा स्थिर खुणांवरून मोजणी सुरू होते. आईला ज्या खुणा माहीत आहेत त्या मोजणीदाराला दाखवा. काकांनी सही केली नाही, ते आलेच नाहीत, म्हणून मोजणी थांबत नाही. नोटीस पोहोचली आहे ना, एवढं पाहा. शेवटी मिळणाऱ्या नकाशाच्या 'क' प्रतीवर नोंदीप्रमाणे हद्द कुठे आहे आणि प्रत्यक्ष वहिवाट कुठे आहे, दोन्ही दिसलं पाहिजे. वहिवाटीतला फरक दाखवला नसेल तर तिथल्या तिथे लेखी विनंती करा. त्या फरकाच्या पट्ट्यावरच तुमचं पुढचं सगळं उभं राहणार आहे.

'चारेक गुंठे' हा तुमचा अंदाज अतिशयोक्तीचा वाटत नाही. गुंठा म्हणजे ३३ फूट बाय ३३ फूट, १,०८९ चौरस फूट. बांध ६६० फूट लांब असेल आणि दर नांगरटीला वीतभर, म्हणजे पाऊण फूट कोरला, तर वर्षाला ४९५ चौरस फूट जातात. दहा वर्षांत साडेचार गुंठे. त्या त्या वर्षी कुणाच्या लक्षातही येत नाही. बाबा दर खेपेला भांडत होते ते उगाच नव्हतं.

काकांना मोजणी मान्य नसेल तर ते वरिष्ठ अधिकाऱ्याकडून निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागू शकतात, त्यानंतर त्याच्याही वरची सुपर निमताना. तो त्यांचा हक्क आहे, त्यावर चिडू नका. पण हे पक्कं लक्षात घ्या की मोजणी म्हणजे ताबा नाही. मोजणीदार खुणा रोवून जातो, काकांचे खांब उपटून देत नाही. आणि तुम्हीही स्वतः उपटू नका, गावातल्या तरुण पोरांना सांगूनही नाही. तसं केलंत की आज ज्या बाजूने न्याय आहे ती बाजू उद्या आरोपी होते.

मग काकांना त्या पट्ट्यातून काढणार कोण? महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मध्ये हद्दीचा वाद चौकशी करून ठरवण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे; प्रत्यक्षात त्यांनी अधिकार दिलेले महसूल अधिकारी तो वापरतात. अशी हद्द ठरली की तिच्या पलीकडे चुकीने ताबा ठेवणाऱ्याला काढून टाकण्याची तरतूद १३८व्या कलमात आहे. ज्याला काढलं त्याला हक्क सिद्ध करायला एका वर्षात दिवाणी दावा लावता येतो. म्हणजे इथेही शेवटचा शब्द दिवाणी न्यायालयाचाच राहतो. लोक नुसती 'क' प्रत फाइलला लावून वर्षानुवर्षं काकांच्या मनःपरिवर्तनाची वाट बघतात आणि या कलमाखालचा अर्ज करतच नाहीत.

आता घाईचा भाग, मेमध्ये काढून घेतलेला ताबा. इथे तलाठ्यांचं म्हणणं बरोबर आहे. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ हा सव्वाशे वर्षांकडे झुकलेला कायदा आजही चांगला उपयोगी आहे. त्याच्या ५व्या कलमाखाली तहसीलदार हे न्यायालय म्हणून बसतात. कायदेशीर मार्गाशिवाय शेतजमिनीचा ताबा काढून घेतला असेल तर तो परत देणं, शेतावरून नैसर्गिकपणे वाहणाऱ्या पाण्याला घातलेला अडथळा दूर करणं, शेतात जाण्याच्या वहिवाटीच्या रस्त्यावरचा अडथळा काढणं आणि पुन्हा तसं करू नये म्हणून मनाई करणं, हे त्यांचे अधिकार आहेत. तुमची बुजवलेली चर तर अगदी याच कायद्याच्या पोटातली आहे. या दाव्यात मालक कोण हे ठरत नाही. सहा महिन्यांपूर्वी ताबा कोणाचा होता, पाणी कुठून जात होतं, एवढंच बघतात. म्हणून पुराव्याचं स्वरूपही वेगळं आहे : गेल्या खरिपाचे फोटो, पीकपाहणीची नोंद, ई-पीक पाहणीत टाकलेलं छायाचित्र, ज्याने मागल्या वर्षी तुमच्या बाजूने नांगरलं त्या ट्रॅक्टरवाल्याचा जबाब. अर्जात तारीख स्पष्ट लिहा. 'मे महिन्यात केव्हातरी' असं लिहिलेला अर्ज मुदतीच्या मुद्द्यावर पहिल्याच तारखेला अडचणीत येतो.

हाच ताबा दिवाणी न्यायालयातही मागता येतो, विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या ६व्या कलमाखाली. मुदत तीच, सहा महिने. तिथेही मालकीत शिरत नाहीत आणि निकालावर अपील नाही. दोन्हींपैकी एक निवडा. एकाच मागणीसाठी दोन ठिकाणी एकाच वेळी गेलात तर काकांचे वकील पहिला आक्षेप तोच घेतील. तुमच्या बाबतीत चर आणि ताबा दोन्ही आहेत, म्हणून मी तहसीलदारांकडे झुकते. पाणी पुढच्या जूनच्या आत मोकळं व्हायला हवं.

एक जोडून सांगते, कारण लोक यात फार गोंधळतात. रस्त्यासाठी दोन वेगळे अर्ज आहेत. पूर्वापार रस्ता होता आणि तो अडवला, तर १९०६ चा कायदा. शेताला रस्ताच नाही आणि दुसऱ्याच्या बांधावरून नव्याने हवा आहे, तर महसूल संहितेचं १४३वं कलम. चुकीच्या कलमाखाली केलेला अर्ज वर्षभर फिरून फेटाळला जातो. तुमचा सध्या रस्त्याचा वाद नाही, पण तारा ओढल्यामुळे विहिरीकडची वाट बंद झाली असेल तर ते आत्ताच अर्जात घाला.

आणि काकांचं 'बारा वर्षं'. हे वाक्य महाराष्ट्रातल्या प्रत्येक गावात ऐकू येतं आणि त्याने माणसं उगाच खचतात. मुदतीच्या कायद्यात, म्हणजे १९६३ च्या लिमिटेशन अ‍ॅक्टमध्ये, मालकीच्या आधारावर ताबा मागण्यासाठी बारा वर्षं आहेत हे खरं. पण ती बारा वर्षं नुसत्या कसण्याने भरत नाहीत. ताबा उघड, अखंड आणि मालकाच्या हक्काविरुद्ध असावा लागतो, तो कधीपासून आणि नेमक्या कुठल्या तुकड्यावर होता हे काकांना सिद्ध करावं लागेल. वीत वीत कोरलेल्या बांधाच्या बाबतीत ते फार अवघड आहे, कारण प्रत्येक विताचं वर्ष वेगळं. मेमध्ये घेतलेला पट्टा तर चार महिन्यांचा आहे. शिवाय बाबा भांडत होते आणि काका थांबत होते, हे गावाला माहीत आहे. तो अखंड ताबा कसा? मात्र बाबांनी कधी ग्रामपंचायतीत, तंटामुक्ती समितीत, पोलीस पाटलांकडे लेखी तक्रार दिली असेल तर तिची प्रत मिळवाच.

काकांनी हा मुद्दा उचलून धरला की वाद मालकीचा झाला. तिथे तहसीलदार, भूमी अभिलेख, सगळ्यांचे हात बांधलेले आहेत. सातबाऱ्यावरची नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानतात, पण ती मालकी निर्माण करत नाही, हे न्यायालयांनी वारंवार सांगितलंय. मालकी ठरवणार दिवाणी न्यायालय, तेही जमीन जिथे आहे तिथलं. तुम्ही पुण्यात राहता म्हणून पुण्यात दावा लावता येणार नाही. वकील तालुक्याचेच करा, ज्यांना तिथलं भूमी अभिलेख कार्यालय माहीत आहे.

दाव्यात काय मागायचं याकडे तुम्ही स्वतः लक्ष द्या. नुसती 'काकांनी अडथळा करू नये' एवढी मनाई मागून भागणार नाही. ताबा तुमच्याकडे नाही आणि मालकीवर वाद आहे, तेव्हा मालकी जाहीर करून मागा, ताबा मागा, आणि त्यासोबत मनाई. सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये अनाथुला सुधाकर खटल्यात हे नीट उलगडून सांगितलंय. खांब आणि तारा काढून टाकण्याचा हुकूम वेगळा मागा. दाव्याला 'क' प्रत जोडा, चतुःसीमा लिहा आणि वादाचा पट्टा नकाशावर रंगवून दाखवा. चतुःसीमेत 'पूर्वेस काकांची जमीन' एवढंच लिहिलेले दावे मी वाचले आहेत. जिंकल्यावरही बेलिफाला कळत नाही की ताबा कुठला द्यायचा.

मोजणी आधी होऊ शकली नाही तर दाव्यात पहिल्याच टप्प्यावर कोर्ट कमिशनरची, म्हणजे जागेवर जाऊन पाहणी करायला न्यायालयाने नेमलेल्या माणसाची, मागणी करा. दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश २६, नियम ९ आहे. 'पुरावा गोळा करायला कमिशनर देता येत नाही' असा आक्षेप समोरून येईल. पण हद्दीच्या वादात जागेवर जाऊन मोजल्याशिवाय निर्णय होत नाही, आणि सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्याच हरियाणा वक्फ बोर्डाच्या निकालात अशा वादात कमिशनर नेमायला हवा होता असं म्हटलंय. तुमच्या वकिलांना या निकालाची आठवण द्या.

तुम्ही विचारलेलं नाही, पण यावर माझं मत पक्कं आहे म्हणून लिहिते. हद्दीची रेष शोधणं हे न्यायाधीशांचं काम नसावं. ते मोजणाऱ्याचं आहे, आणि ते आधी, लवकर, दोघांच्या समोर व्हायला हवं. न्यायालयाने त्यानंतर हक्क ठरवावा. साक्षीदारांच्या तोंडून रेष काढायला गेलं की निम्मं गाव एकीकडे आणि निम्मं दुसरीकडे उभं राहतं, आणि चार गुंठ्यांसाठी दोन घरांतली जाणीयेणी, लग्नकार्यं, सुतकंसुद्धा बंद होतात. हे मी पाहिलंय आणि दर वेळी वाईट वाटतं.

मामांचा सल्ला मर्यादित अर्थाने घ्या. आईला धमकी दिली, अंगावर धावून आले, तर ११२ ला फोन करा, लेखी तक्रार द्या आणि पोच घ्या. शांतता बिघडण्याची भीती असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १६४व्या कलमाखाली कार्यकारी दंडाधिकारी तात्पुरता हुकूम देऊ शकतात. पण पोलीस बांध ठरवत नाहीत. आणि काकांवर दडपण यावं म्हणून तक्रारीत जे घडलं नाही ते घालू नका. ते दिवाणी दाव्यात तुमच्याच अंगावर येतं.

'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' असं तुम्हाला दहा जण ऐकवतील. एकट्या राहणाऱ्या बाईला तर हमखास ऐकवतात. त्यामुळे मुदती निघून जातात आणि ज्याने बांध मोडला त्याचं फावतं. तुम्ही अर्ज करा आणि तडजोडीचं दार उघडं ठेवा. दोन्ही एकाच वेळी करता येतं. मोजणीचा नकाशा हातात आला की पुष्कळदा माणूस नरमतो. काका तयार झाले तर ते साध्या स्टॅम्पपेपरवर लिहून कपाटात ठेवू नका. दावा दाखल असेल तर लोक अदालतीत तडजोड नोंदवा, नकाशा तिच्यासोबत जोडा. लोक अदालतीचा निवाडा हा दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामाच मानतात आणि त्यावर अपील नाही. उद्या काकांच्या मुलांनी पुन्हा बांध कोरला तर तुम्हाला नव्याने दावा लावावा लागू नये, म्हणून हे. कुणी सलोखा योजनेचं नाव घेईल. ती एकमेकांच्या ताब्यात एकमेकांची जमीन बारा वर्षं असेल तर अदलाबदलीसाठी आहे, तुमच्या प्रकरणाला ती लागू नाही.

खर्चाची काळजी पत्रात दिसते. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ प्रमाणे स्त्रीला, उत्पन्न कितीही असलं तरी, मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. दावा आईच्या नावाने असेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. तालुक्याच्या न्यायालयाच्या आवारातच ती असते.

हे सगळं करण्याआधी, याच आठवड्यात, एक गोष्ट तपासा. तुम्ही पाठवलेल्या सातबाऱ्यावर अजून बाबांचंच नाव दिसतंय. वारस नोंद झालेली नसेल तर मोजणीच्या अर्जापासून दाव्यापर्यंत प्रत्येक टेबलावर तो कागद परत येईल. आई, तुम्ही आणि इतर कुणी वारस असतील त्या सगळ्यांची नावं लावण्याचा अर्ज मृत्यूच्या दाखल्यासह तलाठ्यांकडे लगेच द्या, आणि त्याची पोच मामलेदार न्यायालयातल्या अर्जाला जोडा. नोंद मंजूर होण्याची वाट बघत सहा महिन्यांची मुदत घालवू नका.